लेखी इशारा

१९२८ सालच्या धावण्याच्या शर्यतीची मूक फीत आमच्या संग्रहालयात होती आणि तिच्यातले सहा धावपटू १९९० उजाडलं तरी सुटलेच नव्हते. त्यांच्या मागे उभे असलेले पंच पिस्तुलाचा बार काढायचे, धूर दिसायचा. पण चित्रपट मूक असल्यामुळे धावपटूंना काही ऐकू जात नसे. सात मिनिटं ते वाकून उभे राहायचे आणि फीत संपायची.

चौथे धावपटू चंद्रोजी निकम. शर्यत झाली की येतो, असं घरी सांगून गेले ते तिथेच. मुलगी द्वारकाबाई तेव्हा पाळण्यात होत्या, आता बासष्टच्या. दर गुरुवारी त्या फीत बघायला यायच्या, सोबत गूळ आणि पाण्याचा तांब्या घेऊन.

त्या गुरुवारी फीत सुरू झाल्यावर आमचे ठोसर साहेब म्हणाले, "बाई, फीत कुजलीय. आजचा खेळ शेवटचा. उद्या नष्ट करायचा हुकूम आहे."

"मग मीच सांगते त्यांना पळायला."

"इशारा द्यायचा अधिकार पंचांचा."

"पंच देतातच की! ऐकू जात नाही, त्याला ते तरी काय करणार? मी नुसतं लिहून दाखवते."

साहेबांनी विचार केला. "लेखी असेल तर हरकत नाही," म्हणाले आणि मला पाटी आणायला पिटाळलं.

मला कधी वेळेवर काही सापडलंय? मी परतलो तेव्हा जेमतेम मिनिट उरलं होतं आणि खोलीत जळका वास सुटला होता. बाई पडद्यासमोर उभ्या राहिल्या. त्यांनी 'एक' लिहिलं. सहाही जणांनी माना वर केल्या. पदराने पुसून 'दोन' लिहिलं. मग 'साडेमाडे' लिहायला घेतलं आणि खडू मोडला.

"अहो, सरळ तीन लिहा!" साहेब ओरडले.

"साडेमाडे झाल्याशिवाय कुणी पळतं का?" बाईंनी खडूचा तुकडा चिमटीत धरून अक्षरं पुरी केली. माझा जीव टांगणीला लागला होता. शेवटी 'तीन' उमटलं.

सहाही जण सुटले. चंद्रोजी सगळ्यांच्या मागे होते. वळणावर पाच जण वळले; ते मात्र सरळ आमच्याच दिशेने पळत आले. फीत तटकन तुटली, पडदा पांढरा झाला.

चंद्रोजी दारात उभे होते. अनवाणी, धापा टाकत, चोवीस वर्षांचे. बाईंनी गूळ-पाणी पुढे केलं. पाणी पिऊन त्यांनी ओठ हलवले. आवाज नव्हता, पण कितवा आलो, हेच ते विचारत होते.

बाईंनी पाटी पुसली, तिच्यावर 'पहिला' लिहिलं आणि साहेबांकडे पाहिलं. तीस वर्षांच्या नोकरीत साहेबांनी एकही खोटी नोंद होऊ दिली नव्हती.

त्यांनी खिशातून कार्यालयाचा शिक्का काढला, त्याला तोंडाची वाफ दिली आणि पाटीच्या कोपऱ्यात दाबून मारला.