हंडा घेतलेला सुदाम

शेणव्याच्या सुदामनं सकाळी उठून बायकोला, तानीला, चहा करून दिला, आणि तिनं कप न उचलता त्याच्याकडे रोखून पाहिलं. बावीस वर्षांच्या संसारात हा माणूस चुलीपाशी यायचा तो फक्त विडी पेटवायला.

"अवो, खरं सांगा, काय करून बसलाव?"

"काय नाय गो. केबलवरच्या मालिकेतला हिरो देतो ना बायकोला. आता तसंच असतंय."

आता हे कोण खरं मानील? कालपरवापर्यंत सुदामला दहा जणांना लोळवणारा हिरो लागायचा. केबल येऊन महिना झाला नाही, तोच गडी रडक्या नायकावर भाळला! तानीनं त्याच्या खिशांची झडती घेतली. तंबाखूची पुडी सोडून काही सापडलं नाही, तेव्हा तर तिचा संशय जास्तच वाढला.

दुसऱ्या दिवशी सुदाम हंडा घेऊन विहिरीवर गेला, आणि तिथंच घोटाळा झाला. त्यांच्या पाड्यात पुरुष पाण्याला जातो तो बायको गरोदर असली तरच. विहिरीवरच्या सकुबाईनं त्याला नुसतं खालीवर पाहिलं. मेलीनं एका शब्दानं विचारलं असतं, तर पुढचं सगळं टळलं असतं.

संध्याकाळी शेजारणी तानीसाठी चिंचा घेऊन आल्या.

"चाळिशी उलटली माजी! लाजा नाय वाटत?" तानी कडाडली.

पोरगी हर्षाली रडायलाच लागली. रविवारी मुरबाडचे पाहुणे तिला बघायला येणार होते, आणि सकुबाईची बहीण नेमकी त्यांच्याच शेजारी राहत होती. "आये, माजं लगीन मोडलं गो!"

रविवारी मुलाची आई धोंडीबाई आली ती तानीच्या पोटाकडे बघतच. "दिवस गेल्यात म्हनं?"

"देवाशपथ नाय! आमच्या यांना टीव्ही बाधलाय."

इतक्यात पोह्यांच्या बश्या घेऊन, हर्षालीच्या जागी, सुदामच बाहेर आला. तानीनं कपाळावर हात मारला.

धोंडीबाईनं संशयानं एक घास खाल्ला. "तुमीच केलेत?"

"व्हय. पानी पन मीच भरतो."

मुलाचा बाप नामा ताडकन उठला. "चला! असल्या घरात आपला पोरगा बिघडंल."

धोंडीबाई हलली नाही. "सोयरीक पक्की. पन एक अट हाय."

तानीचा जीव टांगणीला लागला. "कसली?"

धोंडीबाईनं नामाकडे बोट केलं. "लगीन होईस्तवर यांना हितंच ठेवून घ्या."