थेंबूला पाय फुटले

एका जंगलात, मुलांनो, नदी नव्हती, पण कोर्ट होतं. तहान लागली की प्राणी अर्ज करायचे.

कोर्ट एका डबक्याच्या काठावर भरायचं. कासवसाहेब न्यायाधीश. त्यांच्या शेजारी त्यांचा पिण्याच्या पाण्याचा माठ.

डबक्यात थेंबू नावाचा बेडूकमासा राहायचा. बेडूकमासा म्हणजे बेडकाचं पिल्लू. त्याला शेपटी असते, पाय नसतात. थेंबूची एकतीस धाकटी भावंडंही तिथेच होती. पाय फुटेपर्यंत सगळ्यांना पाणी हवंच होतं.

पण रोज आबासाहेब रेडा डबक्यात लोळायचा. तो उठला की बरंचसं पाणी त्याच्या अंगावरून निघून जायचं.

थेंबूने याचिका केली. 'रेड्याला थांबवा, नाहीतर आम्ही मरू.'

पहिल्या तारखेला रेड्याचे वकील, बगळेवकील, उभे राहिले. एका पायावर.

"साहेब, माझे अशील आंघोळीला गेलेत. मुदत हवी."

"कुठे गेलेत?" थेंबूने विचारलं.

"तुझ्या मागेच आहेत."

साहेबांनी मुदत दिली.

दुसऱ्या तारखेला थेंबूला मागचे दोन पाय फुटले होते.

"याचिकेत लिहिलंय, अर्जदाराला पाय नाहीत," बगळेवकील म्हणाले. "मग हा कोण?"

"दुरुस्ती करून आण," साहेब म्हणाले.

तिसऱ्या तारखेला पुढचे पाय आले. परत दुरुस्ती. चौथ्या तारखेपर्यंत शेपटी गेली आणि डबक्यात बोटभर पाणी उरलं.

"अर्जदार आता बेडूक आहे," साहेब म्हणाले. "जमिनीवर राहू शकतो. परिस्थिती बदलली. याचिका निकाली."

"आणि भावंडं, साहेब?"

"त्यांची नावं याचिकेत नाहीत. त्यांनी वेगळा अर्ज करावा. पाय नसल्याचा दाखला जोडून."

साहेबांना डुलकी लागल्यावर थेंबूने भावंडांना एकेक करून तोंडात धरलं आणि माठात सोडलं.

साहेब उठले, पाणी प्यायला वाकले. आतून एकतीस जण बघत होते.

"बाहेर काढ यांना."

"काढतो की. पण रीतसर अर्ज करा, साहेब."

साहेबांनी स्वतःच्याच कोर्टात याचिका केली. सवयीने माठ 'जैसे थे' ठेवायचा आदेशही देऊन टाकला. म्हणजे आता त्यांनाही पाणी पिता येईना.

थेंबू उभा राहिला. एका पायावर.

"उत्तर द्यायला मुदत हवी, साहेब."

द्यावी लागली. मग भावंडांना पाय फुटले, याचिका दुरुस्तीला गेली. मग आणखी पाय फुटले. चौथ्या तारखेला एकतीस बेडूक माठातून उड्या मारून निघून गेले.

कोरड्या घशाने साहेबांनी निकाल वाचला. "माठात कोणी उरलं नाही. परिस्थिती बदलली. याचिका निकाली. आदेश रद्द."

आदेश रद्द झाल्याचं ऐकून आबासाहेब आले आणि अख्खा माठ पिऊन गेले.

साहेबांनी लगेच दुसरी याचिका लिहायला घेतली. बगळेवकिलांनी तेवढ्यातच मुदत मागून ठेवली.

तात्पर्य: मुलांनो, पाणी हवं असेल तर अर्ज करू नका. आधी पाण्यात जाऊन बसा. अर्ज समोरच्याला करू द्या.