अनॉइकिसची नोंद

अकरा वाजता फोन वाजायचा, म्हणून बाई पावणेअकराला केस विंचरत. फोनवर केस दिसत नाहीत हे त्यांना ठाऊक होते. तेहतीस वर्षे त्यांनी जीवशास्त्र शिकवले होते, अगदीच अडाणी नव्हत्या. पण कोणीतरी आपल्याशी बोलणार आणि आपण मात्र विस्कटलेल्या बसणार, हे त्यांना पटत नसे.

फोन करणारे होते जीवशास्त्र परिभाषा कोशाचे संपादक. निवृत्त झाल्यापासून गेली सात वर्षे बाई या कोशासाठी नोंदी लिहीत होत्या. एक शब्द, एक कार्ड. वर मूळ शब्द, खाली आपल्या भाषेतला, मग अर्थ, मग वापराचे एक वाक्य. आठवड्याची कार्डे पाकिटात घालून पाठवायची आणि संपादकांनी ती एकेक करून फोनवर तपासायची, असा शिरस्ता. "बाई, पेशीभित्तिकेच्या दुसऱ्या ओळीत काहीतरी खटकतंय," अशी सुरुवात व्हायची आणि संपादकांच्या गुडघेदुखीपर्यंत पोचून वीसेक मिनिटांनी फोन संपायचा. दोघांनी एकमेकांना कधी पाहिलेले नव्हते. कोशाचे कार्यालय गावाच्या दुसऱ्या टोकाला, दोन बस बदलून, आणि टपाल असताना माणसाने कशाला जायचे?

बाकी बाईंच्या घरात बोलणारे कोणी नव्हते. यजमान जाऊन नऊ वर्षे झाली होती. मुलगी दूरदेशी. ती दर रविवारी व्हिडिओ कॉल करी, पण फोन ओट्यावर टेकवून स्वयंपाक करत करत, त्यामुळे बाईंना लेकीपेक्षा तिच्या घराचे छतच जास्त ओळखीचे झाले होते. दाराची घंटा वाजे ती वरच्या मजल्यावरच्या नवरा-बायकोच्या पार्सलांसाठी. ती दोघे दिवसभर कामावर. पार्सले बाई घेत, सही करत, आणि संध्याकाळी ती दोघे "थँक्यू हं काकू" म्हणत जिन्यातूनच खोकी उचलत. घरात आत कोणी येत नसे. बाई फार एकट्या होत्या. हे त्या कोणाला सांगत नसत, कारण सांगायला कोणी नव्हतेच.

तर दोन हजार आठशे सोळा कार्डे झाली आणि एकच उरले. शब्द होता अनॉइकिस.

शब्द तसा आडवळणाचा. आपल्या शरीरातल्या बऱ्याच पेशी एका जाळीदार आधाराला चिकटून राहतात. त्या आधारापासून एखादी पेशी सुटली, तर तिला कोणी मारत नाही, तिला रोग होत नाही, खायला-प्यायला सगळे मिळत असते. तरी ती ठरल्यासारखी आपले आवरते घेते आणि मरते. या मरण्याला अनॉइकिस म्हणतात. मूळ ग्रीक अर्थ, घर नसणे. बाईंनी हे सगळे चार ओळींत बसवले, खाली वापराचे वाक्य लिहिले, 'आतड्याच्या अस्तरातून सुटलेल्या पेशीचा अनॉइकिस झाला,' आणि कार्ड टपालात टाकले.

त्या सोमवारी फोन आला तेव्हा संपादकांचा आवाज जरा निराळाच होता.

"बाई, त्या अनॉइकिसबद्दल बोलायचं होतं. म्हणजे कसं आहे..."

बाईंनी ओळखले. आता हे म्हणणार, नोंद उत्तम आहे, काम संपलं, आभारी आहोत. उद्या पावणेअकराला केस विंचरायचे ते कोणासाठी?

"एक शंका आहे साहेब!" त्या एकदम म्हणाल्या.

"शंका?"

"कार्डात मी 'पेशी' म्हटलंय. पण कुठलीही पेशी का? रक्तातल्या पेशी तर कशालाच चिकटलेल्या नसतात. जन्मभर नुसत्या वाहत असतात. त्या कुठं मरतात?"

पलीकडे कार्ड उलटसुलट केल्याचा आवाज आला.

"खरंच की," संपादक म्हणाले. "हे कुणाच्या लक्षात नाही आलं. आपल्या सल्लागार प्रोफेसरांना विचारायला हवं. उद्या फोन करतो."

शंका बाईंची खरी नव्हती. उत्तर त्यांना नववीच्या वर्गाला शिकवण्याइतके पाठ होते. आयुष्यभर मुलांना 'खोटं बोलू नये' असे सांगणाऱ्या बाईंनी फोन ठेवला, आरशात पाहिले, आणि त्यांना लाज वाटायच्या ऐवजी चक्क भूक लागली.

दुसऱ्या दिवशी अकराला उत्तर आले. प्रोफेसर म्हणत होते, 'आधाराला चिकटून राहणारी पेशी' असे लिहा, विषय संपला. विषय संपतो की काय या भीतीने बाईंनी लगेच विचारले, "पण सुटल्यावर किती वेळानं मरते? तास? दिवस? नोंदीत वेळ नको का?"

"हवी!" संपादक म्हणाले. "वेळेशिवाय नोंद म्हणजे काय?"

बुधवारी प्रोफेसरांनी वेळ सांगितली. गुरुवारी कॅन्सरच्या डॉक्टरांनी ती खोडून काढली, कारण संपादकांनी त्यांनाही विचारले होते. डॉक्टरांचे म्हणणे, कॅन्सरची पेशी सुटली तरी मरत नाही, खुशाल दुसरीकडे जाऊन बिऱ्हाड थाटते, आणि खरी गोम तिथेच आहे. ते नोंदीत नसेल तर नोंद फाडून टाका. प्रोफेसर म्हणाले, डॉक्टरांनी ऑपरेशनं करावीत, व्याख्या करू नयेत.

"असं म्हणाले?" बाईंनी विचारले.

"याहून वाईट म्हणाले. मी सौम्य करून सांगतोय."

बाईंना अपराधी वाटायला हवे होते, पण त्यांची दुपार इतकी छान गेली की बोलायची सोय नाही. पुढच्या आठवड्यात त्यांनी विचारले की ही पेशी 'मरते' म्हणायचे की 'स्वतःला संपवते' म्हणायचे. झाले! प्रोफेसर एका बाजूला, डॉक्टर दुसऱ्या. दोघांनी एकमेकांचे फोन घेणे बंद केले. मग बाईंनी सुचवले की आपल्या भाषेत याला 'निराधारमरण' म्हणावे. त्यावर कोशमंडळाचे अध्यक्ष भडकले. एवढा रडका शब्द मुलांनी परीक्षेत लिहायचा का, असे त्यांनी विचारले म्हणे.

रोज अकराला संपादक कालचा वृत्तान्त सांगत. वीस मिनिटांची चाळीस झाली. मधूनच फोनमागे कुकरची शिट्टी ऐकू येई.

"ऑफिसात कुकर?" बाईंनी एकदा विचारले.

"कॅन्टीन उघडलंय," संपादक म्हणाले. "बरं, ते जाऊ दे. प्रोफेसर काल काय म्हणाले माहितीये?"

असे दहा आठवडे गेले. बाईंनी या काळात दोन किलो वजन वाढवले आणि वरच्या मजल्यावरच्या बाईला जिन्यात थांबवून अनॉइकिस समजावून सांगितला. तिने "ओह, सो सॅड" म्हणून खोके उचलले.

आणि मग एका मंगळवारी संपादक म्हणाले, "बाई, प्रकरण हाताबाहेर चाललंय. छापखान्यात पानं जुळवून पडलीयेत, मशीन थांबलंय. अध्यक्ष म्हणतात, एका शब्दापायी घोडं अडत असेल तर सगळा कोशच गुंडाळा."

"सगळा?"

"दोन हजार आठशे सोळाच्या सोळा."

सात वर्षे! बाईंची तर होतीच, पण संपादकांचीही. प्रोफेसर आणि डॉक्टर, दोन शहाणी माणसे, त्यांच्यामुळे एकमेकांचे तोंड पाहीनाशी झाली होती. आणि हे सारे कशासाठी, तर एका बाईला सकाळी कोणीतरी 'हॅलो' म्हणावे म्हणून. राईचा पर्वत झाला होता आणि राई त्यांनी स्वतःच्या हाताने पेरली होती.

त्या रात्री नाही, त्याच दुपारी त्यांनी ठरवले. नवे कार्ड स्वच्छ अक्षरात लिहिले, चांगली साडी नेसल्या आणि दोन बस बदलून कोशाच्या कार्यालयात गेल्या. खरे काय ते सांगायचे, माफी मागायची, कार्ड हातात द्यायचे आणि परत यायचे. मग फोन आला नाही तरी चालेल, असे त्या बसमध्ये स्वतःला बजावत होत्या. मनाला ते मुळीच चालणार नव्हते.

कार्यालय म्हणजे एक लांबट खोली. टेबलापाशी एक कारकून डबा खाऊन बोटे पुसत होता. कॅन्टीन कुठे दिसले नाही.

"संपादकांना भेटायचं होतं. मी अनॉइकिसवाली."

"कोणवाली?"

"कोशाची. शेवटची नोंद राहिलीय ना, ती घेऊन आले. मशीन सुरू करायला सांगा त्यांना."

कारकुनाने त्यांच्याकडे, मग कार्डाकडे पाहिले. "बाई, कोश तर केव्हाच छापून झाला. हा काय." त्याने मागच्या कपाटातून एक जाडजूड निळा ग्रंथ काढून टेबलावर ठेवला. "अडीच महिने झाले की. आणि साहेबांना भेटायचं तर घरी जायला लागेल. ते त्याच सुमारास रिटायर झाले."

"रिटायर?"

"एका सोमवारी. पेढे नाही, हार नाही. म्हणाले, एका नोंदलेखिकेला फोन करायचाय, तिचा शब्द मंडळानं गाळला, तेवढं कळवतो आणि निघतो. मग खुर्चीत बसून फोन केला आणि हसतच गेले बुवा. आम्हाला कळेना, माणूस रिटायर होताना हसतोय काय."

बाईंनी कोश उघडला. अनॉक्सिया या नोंदीच्या आसपास बोट फिरवले. अनॉइकिस कुठेच नव्हता. ज्या शब्दासाठी दहा आठवडे दोन विद्वान एकमेकांच्या जिवावर उठले होते, त्याला अख्ख्या कोशात जागा मिळालेली नव्हती.

"प्रोफेसर आणि डॉक्टरांचं भांडण मिटलं का?" त्यांनी क्षीण आवाजात विचारले.

"कुठले प्रोफेसर? सल्लागार प्रोफेसर तर गेल्या वर्षीच मुलाकडे राहायला गेले. आणि डॉक्टर कुणी नव्हतेच आपल्याकडे."

परतीच्या बसमध्ये बाई कोश मांडीवर घेऊन बसल्या. आधी त्यांना राग आला. दहा आठवडे हा माणूस आपल्याला थापा मारत होता! मग आठवले की पहिली थाप आपली होती. मग प्रोफेसरांची ती वाक्ये आठवली, डॉक्टरांचे टोमणे आठवले, अध्यक्षांचा संताप आठवला. हे सगळे संपादक रोज सकाळी एकटेच बसून, कुकर लावता लावता, रचत होते. जन्मभर दुसऱ्यांची वाक्ये दुरुस्त करणारा माणूस, स्वतःचे काही रचायची पहिलीच वेळ, त्यामुळे छापखान्यापर्यंत जरा वाहवला. बाईंना हसू आले, आणि ते थांबेचना. शेजारच्या प्रवाशाने खिडकीकडे तोंड फिरवले. त्यांच्या डोळ्यांतून पाणी येत होते आणि ते सगळेच काही हसण्याचे नव्हते. कुठल्यातरी खोलीत एक म्हातारा माणूस साडेदहापासूनच घड्याळ बघत बसत असणार, हे त्यांना पक्के कळले होते.

बुधवारी अकराला फोन वाजला.

"बाई," संपादक दबक्या आवाजात म्हणाले, "काल रात्रभर विचार केला. मी अध्यक्षांना समजावलंय. कोश गुंडाळत नाहीत आता. तुम्ही काळजी करू नका. मी उगाच घाबरवलं तुम्हाला."

"बरं झालं," बाई म्हणाल्या. निळा कोश त्यांच्यासमोर टेबलावर होता. "प्रोफेसर काय म्हणतात?"

"प्रोफेसर ना..." संपादक चाचपडले. आज बहुधा तयारी झाली नव्हती. "प्रोफेसर आज... तसे गप्पच आहेत."

"मग माझी एक शंका आहे साहेब. पण ती त्यांना विचारू नका. तुम्हीच सांगा."

"मी? मी काय सांगणार? मी साधा संपादक."

"समजा, दोन पेशी सुटल्या. दोघींचाही आधार गेला. पण वाहता वाहता त्या एकमेकींना चिकटल्या, तर? तरी मरतील?"

पलीकडे कुकरची शिट्टी झाली. कॅन्टीनचे नाव कोणी काढले नाही.

"वाचलंय मी कुठंतरी," संपादक म्हणाले. "एकमेकींना धरून राहिल्या तर तगतात म्हणे. कायमच्या नाही, पण बराच काळ."

"मग तसं लिहून नोंद संपवू का?"

"छे छे!" संपादक घाईघाईने म्हणाले. "एवढ्यात नको बाई. यावर अजून पुष्कळ चर्चा व्हायला हवी."