सहा ते सव्वासहा

संध्याकाळी सहा ते सव्वासहा या पंधरा मिनिटांत नामाशेठ कोणालाही कडू औषध घेऊ देत नसत. भांडू देत नसत, दाढ काढू देत नसत, परीक्षेचा निकाल सांगू देत नसत. एकदा दवाखान्यात डॉक्टरांनी इंजेक्शनची सुई वर धरली, तेव्हा बाकावर बसलेल्या नामाशेठनी उठून त्यांचं मनगट धरलं. "सव्वासानंतर," म्हणाले. पेशंट त्यांच्या ओळखीचाही नव्हता.

ज्यांनी नव्वदच्या दशकात बेलापूरच्या खाडीकाठी हिवाळा काढला नाही, त्यांना हे समजावून सांगावं लागेल. हिवाळ्यात पाच-सात वेळा तिथे परती होई. सूर्य पाण्यात बुडाला की आभाळ घासलेल्या तांब्याच्या पातेल्यासारखं लखलखे, सूर्य पुन्हा चार बोटं वर चढे आणि नुकतीच संपलेली पंधरा मिनिटं पहिल्यापासून सुरू होत. हात, पाय, तोंड यांनी जे एकदा केलेलं असे तेच पुन्हा करत. मन मात्र शहाणं राही आणि नुसतं बघत बसे. घड्याळंही मागे जात. मग आम्ही रेडिओवरच्या बातम्यांना ती लावून घ्यायचो. पहिल्याच हिवाळ्यात माझी करंगळी उंबऱ्याला ठेचली आणि त्याच संध्याकाळी परती झाली. दुसऱ्या खेपेला मी सगळं माहीत असून त्या उंबऱ्याकडे चालत गेलो.

परती कोणत्या दिवशी होईल हे कोणालाच सांगता येत नसे. नामाशेठचा उपाय सोपा होता. रोज होणार असंच धरून चालायचं.

ते आमचे घरमालक. मिठागरं गेल्यावर उरलेल्या जागेवर त्यांनी तीन मजले चढवले होते. खाली ते एकटे राहत, वर आम्ही भाडेकरू. मी कॉलेजच्या ग्रंथालयात होतो, हातात कायम पुस्तक दिसायचं, म्हणून मला मास्तर म्हणत. तरुणपणी ते मिठागरावर टोपल्या वाहत. तिथे परती झाली की तीच टोपली पुन्हा वाहावी लागे आणि ढिगावर मीठ मात्र एकाच टोपलीचं पडे. त्यामुळे कशालाही त्यांची कसोटी एकच. "दोनदा चालंल का?" चहा फिका झाला की विचारत. कोणी फार गंभीर चेहऱ्याने जिना चढू लागला की त्यालाही विचारत.

दुसऱ्या मजल्यावरच्या सावंत नवरा-बायकोंचं भांडण ते सहाला पाच मिनिटं कमी असताना दार वाजवून थांबवत. दोघं निमूट चहा घेत आणि सव्वासहाला, कुठपर्यंत आलो होतो, असं एकमेकांना विचारत. बरेचदा दोघांनाही आठवत नसे. याच सावंतांच्या पुतणीला बघायला पाहुणे आले ते नेमके सहाला. नामाशेठनी मुलीला एकही प्रश्न विचारू दिला नाही. पंधरा मिनिटं नुसता शिरा. परती झाली. मुलाच्या मामांनी तोच शिरा तितक्याच चवीने पुन्हा खाल्ला आणि घरी परतताना, हे स्थळ सोडू नका, असं बजावलं म्हणे.

पौषातल्या एका संध्याकाळी नामाशेठ गुडघे धरत माझ्याकडे वर आले. एरवी ते जिना चढत नसत, खालूनच हाक मारत. खुर्चीत बसले आणि, संक्रांतीला तुमची ताय येनार ना, तिचं कायतरी सांगा, म्हणाले. आई गेल्यावर मला ताईनेच वाढवलं होतं. मी खुशीत सांगू लागलो. ती भाकरीच्या पिठात बोटाने अक्षरं काढून मला वाचायला शिकवायची. एकदा मी 'ग'वर अडलो म्हणून तिने त्या 'ग'चीच भाकरी थापली आणि मला खायला लावली. नामाशेठ मांडीवर थाप मारून हसले. तेवढ्यात आभाळ तांबूस झालं. मी सगळं पुन्हा सांगितलं, खरं तर आनंदाने. तेही त्याच जागी, तसेच हसले.

सव्वासहा झाले. त्यांनी टोपी काढून मांडीवर ठेवली.

"मास्तर, साताऱ्यावरनं फोन आलता. ताय गेली."

कधी आला, मी विचारलं. सहाला दहा मिनिटं असताना, म्हणाले. गल्लीच्या तोंडाशी गाडी उभी करून ठेवली होती, भावोजींना निघतो म्हणून कळवलंही होतं. तरी मी संतापलो. ती गेलेली माहीत असताना तुम्ही समोर बसून हसत होता, असं काहीबाही बोललो. त्यांनी माझी चप्पल शोधून पायाशी ठेवली आणि स्वतःही गाडीत बसले.

पनवेल मागे पडलं. मग खिडकीबाहेर बघत ते सांगू लागले. त्यांची बायको बाळंतपणात गेली, तेव्हा ते मिठागरावर होते. धावत आलेल्या माणसाने सहा वाजून पाच मिनिटांनी सांगितलं. नेमकी त्या दिवशी परती झाली.

"त्याचा काय दोष नाय. त्याला वाटला, लवकर सांगावा."

मी विचारलं, दुसऱ्या खेपेला, तो माणूस येईपर्यंतची ती पाच मिनिटं तुम्ही काय करत होता?

"डोईवर टोपली व्हती," नामाशेठ म्हणाले. "कोन तरी कायतरी गमतीचा बोलला व्हता. हसत व्हतो, मास्तर."