मावशीची खासदारकी आणि मंत्र्यांची दाढ

मावशी पोटनिवडणुकीत निवडून आली आणि लगेच सभागृहच बरखास्त व्हायची वेळ झाली! आज शेवटची बैठक. मावशी मुळात दातांची डॉक्टर. खासदार म्हणून तिची मागणी एकच, गावातल्या रेल्वे फाटकावर पूल. त्या फाटकापायी तिची भाची रोज उशिरा शाळेत पोचायची आणि वर्गाबाहेर उभी राहायची. भाचीला घरात सगळे तोफ म्हणत. मावशीचं भाषण तिनंच घोटून घेतलं होतं, आणि आता प्रेक्षकांच्या सज्जात काकांशेजारी बसून ती नुसती उकळत होती.

"काका, हा आधीचा वक्ता थांबतच नाही! मावशीची वेळ खातोय!"

"हळू. इथे बोलायला बंदी आहे."

"खाली तर सगळेच बोलताहेत!"

"ते निवडून आलेत."

तेवढ्यात खाली, मावशीच्या समोरच्या बाकावर, रेल्वेमंत्र्यांनी खोकल्याची गोळी कडकन चावली आणि "आई गं!" म्हणून गाल धरला. हलणारी दाढ निखळून हातात! रुमाल लालभडक. मावशीनं पर्समधून कापूस काढला आणि मधली मोकळी जागा ओलांडून ती तरातरा सत्ताधाऱ्यांकडे निघाली.

"अहो, बाई तिकडे चालल्या!"

"फुटल्या! शेवटच्या दिवशी फुटल्या!"

तिच्या पक्षाचे नेते "गद्दार!" म्हणून ओरडले. पलीकडच्यांनी टाळ्या वाजवून स्वागत केलं.

"काका! मावशीनं पक्ष बदलला?"

"छे गं! कुणाचं तोंड उघडं दिसलं की तिला राहवत नाही."

मावशीनं मंत्र्यांची मान काखेत पकडली, कापूस कोंबला आणि बोटानं दाबून धरला. नेमकं तेव्हाच अध्यक्षांनी तिचं नाव पुकारलं.

"जागेवर जाऊन बोला, बाई."

"बोट काढलं तर रक्त वाहील, महोदय."

"मग तिथूनच बोला, पण बोला! तुमच्यानंतर समारोपच आहे."

भाषणाचा कागद तिकडे मावशीच्या बाकावर! तोफेनं काकांच्या हाताला असा चिमटा काढला की काकाच कळवळले. मावशीला एक ओळ आठवेना. पण पेशंटचं तोंड भरलेलं असताना त्याला प्रश्न विचारायची तिची जुनीच खोड, ती आपोआप सुरू झाली.

"काय साहेब, आमच्या फाटकावर पूल देताय ना?"

"आं... आं!"

"याच वर्षी?"

"आं आं आं!"

"चांगला रुंद? शाळेच्या मुलांना चालायला वेगळी जागा?"

मंत्र्यांनी डोळे वटारले. मान हलवायची सोय नव्हती. "आंऽऽऽ!"

"मंत्रिमहोदयांनी आश्वासन दिलं आहे," अध्यक्ष म्हणाले. "नोंद घ्यावी."

दोन्हीकडची बाकं धडाधड वाजली. "मावशीऽऽ!" तोफ कडाडली. पहारेकरी बोट नाचवत धावत येईपर्यंत समारोप होऊन सभागृह संपलंसुद्धा!

तोफ जिना उतरून व्हरांड्यात पोचली, तर मंत्री कापूस उपटून थयथयाट करत होते.

"अहो बाई, मी नाही म्हणत होतो! नाही, नाही, नाही! आत्ता जाऊन पत्रकारांना सांगतो!"

दाराबाहेर पत्रकार ताटकळत होतेच. तोफ मनात म्हणाली, गेला पूल! मावशी तर आता साधी खासदारही उरली नव्हती. पण तिनं चष्मा नीट केला आणि मंत्र्यांच्या तोंडात डोकावलं.

"अजून वाहतंय. अर्धा तास तोंड मिटून ठेवायचं. नाहीतर टाके घालावे लागतील."

"टाके?" मंत्र्यांचा चेहरा पांढराफटक पडला.

"आधी हिरडीत सुई टोचतात," तोफेनं लगेच माहिती पुरवली. "एवढी!"

मंत्र्यांनी निमूटपणे तोंड उघडलं. मावशीनं नवा कापूस बसवला. दार उघडलं आणि पत्रकारांनी त्यांना गराडा घातला.

"साहेब, पुलाची बातमी खरी का?"

मंत्र्यांनी मावशीकडे पाहिलं, मग तोफेकडे. आणि कापूस हलू नये म्हणून अगदी जपून, सावकाश, त्यांनी होकारार्थी मान डोलावली.