थेट प्रक्षेपणातली दाढी

सलूनवाल्यानं निवृत्त पोस्टमनची हनुवटी दोन बोटांनी वर उचलली, गळ्यावरून वस्तरा फिरवला आणि मिशी बघायला डोकं पुन्हा खाली दाबलं. नेमक्या त्याच वेळी चॅनेलवाल्या बाई कॅमेऱ्यासकट आत घुसल्या होत्या.

"पुलापलीकडच्यांना हाकलायला हवं ना?"

सलूनवाल्याच्या हातात पोस्टमनची मान पुन्हा वर झाली, खाली झाली.

"बघा, सामान्य माणसाचा होकार!" बाई ओरडल्या आणि पसार झाल्या.

"अरे, मी कधी हो म्हणालो?" पोस्टमननं फेस थुंकत विचारलं.

"तुम्ही नाही काका, मी म्हणालो," सलूनवाला म्हणाला. तो स्वतःच पुलापलीकडचा होता. इतकी वर्षं कुणी विचारलं नव्हतं. निवडणूक लागेपर्यंत पूल हा नुसता पूल होता. पुढाऱ्यांनी आणि चॅनेलांनी मिळून त्याची सरहद्द केली.

दुपारपर्यंत ती मान शहरातल्या प्रत्येक फोनवर हलत होती. बायकोचा फोन आला. "अहो, आपल्यालाच हाकलायला निघालेत, तेही तुमच्याच दुकानातून! कुणाला कळलं तर दुकान जाळतील. शटर ओढा आणि घरी या!"

शटर अर्धं खाली आलं होतं. त्याखालून वाकून उमेदवार आत शिरले. मागून कार्यकर्ते, बाई आणि कॅमेरा.

"हीच ना ती खुर्ची?" उमेदवार ऐसपैस बसले. "ए, कर दाढी. लोकांना दिसू दे, आपण साधी माणसं आहोत."

प्रक्षेपण सुरू झालं. एक गाल गुळगुळीत झाला. उमेदवार डोळे मिटून म्हणाले, "पलीकडचा माणूस मी न बघता ओळखतो. वासच येतो!"

टाळ्या पडल्या. सलूनवाल्यानं वस्तरा गळ्याशी टेकवला. बाईंनी माईक त्याच्याकडे वळवला. "दादा, तुम्ही मूळचे कुठले?"

इथलाच, एवढंच म्हणायचं होतं. पण खोटं बाहेरच येईना.

"पुलापलीकडचा."

टाळ्या अर्ध्यावर थांबल्या. उमेदवारांनी डोळे उघडले, आवंढा गिळला. वस्तऱ्याखाली गळ्याची घाटी वरखाली झाली. उठावं, तर अर्ध्या फेसाचं तोंड सगळं शहर बघणार.

"साहेब," सलूनवाल्यानं भीतभीत विचारलं, "थांबू, की करू पुढं?"

"करा ना दादा, करा," उमेदवार ओठ न हलवता पुटपुटले. "सावकाश करा. आपल्याला कसलीच घाई नाही."