भिकनचा दुसरा फर्मा

कोंडाजीला चेहरा एकच काढता यायचा, आणि तो भिकनचा. सातपूरच्या एका कारखान्यात पाट्या रंगवून उरलेल्या वेळात तो चित्रांची पुस्तकं करी. एक्क्याऐंशी साली त्याची दोन पुस्तकं पंचवटीतल्या छापखान्यात एकदमच गेली. 'नदीपल्याड' हे एकाहत्तरच्या लढाईचं, आणि 'चंद्रावरचा तळ' हे मुलांसाठी. एकात भिकन शिपाई होता, दुसऱ्यात अंतराळवीर. हेल्मेट तेवढं वेगळं.

त्याचा जीव अडकला होता तो लढाईच्या पुस्तकात. त्या लढाईत कोंडाजी आणि भिकन एकाच तुकडीत होते; भिकन परत आला नव्हता. त्याच्या आईला, चांगुणाबाईला, जे सांगायचं कोंडाजीचं दहा वर्षं धाडस झालं नव्हतं, ते त्याने त्यात काढलं होतं. तिला अक्षर येत नव्हतं, म्हणून मधला, दुसरा फर्मा, म्हणजे एकत्र घडी घालून शिवायची सोळा पानं, नुसत्या चित्रांचा केला होता. पुस्तकं बांधून झाली त्याच दिवशी तो तिच्या दारात गेला. "जयभीम, मावशी. निवांत बघ," एवढंच म्हणून प्रत तिच्या हातात कोंबली आणि धूम ठोकली. लढाईतसुद्धा तो इतक्या वेगाने पळाला नव्हता.

बसथांब्यावर त्याने आपली प्रत उघडली. सोळाव्या पानावर भिकन बंदूक घेऊन छावणीतून निघत होता. सतराव्या पानावर तो चंद्रावर उतरला होता.

छापखान्यात बाइंडर पुंजा खळ लावत बसला होता.

"पुंजा, लढाईचा दुसरा फर्मा कुठाय?"

"लावला की."

"अरे, हा चंद्र आहे!"

"मला वाचता कुठं येतं? मी थोबाड बघून लावतो. दोन्हीकडं गडी एकच. एका फर्म्यात जित्ता, एकात मेलेला. जित्ता मधी लावला."

"आणि मेलेला?"

"पोरांच्या पुस्तकात, पार शेवटी. मेल्यावर पुढं काय ऱ्हातं?"

कोंडाजीने पोरांच्या एका प्रतीतून शेवटची सोळा पानं उसवून घेतली. खरा फर्मा काखेत मारून तो तसाच माघारी गेला.

चांगुणाबाई ओट्यावर बसली होती. पुस्तक मांडीवर, बोट चंद्रावर.

"मावशी, चुकीची पानं लागलीत. ही खरी घे."

"थांब. ह्यो छावणीतनं निघाला तवा तू कुठं व्हतास?"

"तेच यात काढलंय."

"कागद ऱ्हाऊ दे. तोंडानं सांग."

हे तोंडाने बोलावं लागू नये म्हणूनच तर कोंडाजीने सगळं पुस्तक काढलं होतं.

"त्या दिवशी गस्तीला नंबर माझा होता, मावशी. मी ताप आल्याचं सोंग केलं. भिकन माझ्या जागी गेला."

म्हातारीच्या डोळ्यांना धार लागली. आता ही आपल्याला हाकलणार, आणि ते रास्तच आहे, असं कोंडाजीला वाटलं.

"दर जयंतीला यायचास. खाली मान घालून चहा प्यायचास," ती म्हणाली. "मला वाटायचं, माझा चहाच गोड लागत नाय याला."

मग पदराने डोळे पुसून तिने पुन्हा चंद्रावर बोट ठेवलं.

"आन् इथं जायला नंबर कोणाचा व्हता?"

"त्याचाच, मावशी."

"मग हीच पानं ऱ्हाऊ दे."